चेंडू आता तरडगावकडे

हॉकी हा कानांनी बघायचा खेळ आहे, हे मला साठी उलटल्यावर समजलं. नागपुरात एका दुपारी माझी भाची मोबाइलवर कुठलीशी मॅच लावून बसली होती आणि मी शेजारी वाटाणे सोलत होते. चित्र मला दिसत नव्हतं. ऐकू येत होता एका बाईचा आवाज, खणखणीत आणि धावता. "गिरवीनं अडवला, आदर्कीला दिला, आदर्की काही थांबायचं नाव घेत न्हाई, उजवीकडं तरडगाव मोकळं हाय, दे की गं, दिला! चेंडू आता तरडगावकडे!" मला वाटलं, एसटीचं वेळापत्रक कुणीतरी फारच मनावर घेतलंय. भाचीला विचारलं तर ती म्हणाली, "मावशी, ही त्या मुलींची गावं आहेत. ही बाई मुलींना गावाच्या नावानंच हाका मारते."

वाटाणे तसेच राहिले आणि मी मॅच संपेपर्यंत ऐकत बसले. हॉकीतलं मला तेव्हा ओ की ठो कळत नव्हतं, आताही फारसं कळत नाही. पण बँकेतून निवृत्त झाल्यापासून माझा भोचकपणा मोकाट सुटलाय. पडद्याच्या कोपऱ्यात समालोचकाचा फोन नंबर होता, तो मी लावला. मंगल तिचं नाव. मी एवढंच म्हटलं, "बाप्पा, मला तुमचं काम बघायचं आहे." पलीकडून आवाज आला, "या की. पर घर बारकं हाय."

फलटण

मंगल मला एसटी स्टँडवर घ्यायला आली होती. पस्तिशीची, काटक, एका पायानं किंचित लंगडणारी. शाळा-कॉलेजात ती हॉकी खेळायची, जिल्ह्याच्या संघात होती, मग गुडघा गेला आणि खेळ सुटला. खेळ सुटला पण मैदान सुटेना, म्हणून एका स्पर्धेत तिनं माइक हातात घेतला. त्याला आता बरीच वर्षं झाली. बदल्यात मिळतं काय, तर नारळ आणि शाल. "शाली इतक्या झाल्यात की सासूबाई वाकळंत शिवत्यात," ती म्हणाली.

स्कूटरवर मी मागे बसले आणि फलटणच्या बाहेर पडताच तिचा सराव सुरू झाला. उसाच्या ट्रॉल्यांची रांग लागलेली. मंगल हेल्मेटच्या आतून मोठ्यानं बोलायला लागली. "ट्रॅक्टर मधनं घुसायला बघतोय, ट्रकनं वाट अडवली, डावीकडनं एसटी, एसटीनं ट्रकला मागं टाकलं, म्हस आडवी आली, एसटी थांबली!" म्हशीनं खरोखरच एसटी थांबवली होती. मी तिच्या खांद्याला घट्ट धरून विचारलं की हे रोज चालतं का. ती म्हणाली, "रोज. डोळ्यानं बघायच्या आदी तोंडात आलं पायजे, न्हाईतर चेंडू फुडं जातो नि आपन मागं र्‍हातो." रस्त्यावरच्या लोकांनाही सवय असावी, कुणी वळूनसुद्धा बघत नव्हतं.

घर खरंच बारकं होतं, पण अंगण प्रशस्त. नवरा कारखान्याच्या ऊस वाहतुकीवर, तो हंगामात घरी क्वचितच असतो. सासूबाईंनी बाजरीची भाकरी, वांग्याचं कालवण आणि खर्डा वाढला. मी नागपूरची, तर्रीवर वाढलेली. खर्डा बघून मी जरा तोऱ्यातच मोठा घास घेतला. आमच्याकडचं तिखट गरम मसाल्याचं असतं, ते पोटात गेल्यावर बोलतं. इथलं हिरव्या मिरचीचं, ते ओठावरच भांडायला लागतं. माझ्या डोळ्यांतून धारा लागल्या आणि उचकी काही थांबेना. सासूबाई पदर तोंडाला लावून हसल्या. "आवं, नागपूरवाली लय तिखट खात्यात म्हनं!" मग गुळाचा खडा माझ्या हातात ठेवून त्यांनी सुनेकडे मोर्चा वळवला. मंगल मॅचच्या आदल्या दिवशी खर्डा खात नाही, घसा धरतो म्हणून. सासूबाईंच्या मते हा त्यांच्या हाताचा अपमान आहे.

जेवण झाल्यावर मी खरा प्रश्न विचारला. या वयात, या गुडघ्यानिशी, मैदानोमैदानी कशासाठी? तिनं सरळ सांगितलं. पुण्याची एक कंपनी मुलींच्या हॉकीचे सामने मोबाइलवर दाखवते. त्यांना वर्षभराच्या राज्यस्तरीय सामन्यांसाठी एक मराठी समालोचक नेमायचा आहे, पगारी. लोणंदची सेमीफायनल आणि सांगलीची फायनल, हे दोन सामने ते तिची परीक्षा म्हणून बघणार होते. "जमलं तर ह्योच माजा धंदा, काकू. न्हाई जमलं तर परत नारळ," ती म्हणाली आणि खरकटी ताटं उचलायला लागली. तिला हे किती हवं होतं ते ताटं आपटण्यावरूनच समजत होतं.

लोणंद

लोणंदचं मैदान मुरमाचं. पुण्या-मुंबईत हिरव्या गालिच्यावर खेळतात तो हा खेळ नव्हे. इथं चेंडू खड्यावरून उडतो आणि मुली तो हवेतच शोधतात. मांडववाल्याचे कर्णे चारी कोपऱ्यांत बांधलेले, कॅमेरा एका ट्रॉलीवर चढवलेला. कंपनीचा शिरीष नावाचा तरुण माणूस ट्रॉलीखाली लॅपटॉप घेऊन बसला होता. त्यानं मला बसायला खुर्ची दिली, त्यामुळे तो मला लगेच आवडला.

मंगल माइकपाशी गेलीच नाही. सामन्याच्या आधी तासभर ती दोन्ही संघांत फिरत होती. एकेका मुलीसमोर उभी राहायची, नाव विचारायची, गाव विचारायची आणि तिच्यासमोरच एकदा मोठ्यानं म्हणून दाखवायची. मुलीनं मान हलवली की पुढची. मी म्हटलं, कागदावर का लिहीत नाहीस? "कागद बघाय लागले तर चेंडू कोन बघनार?" आणि नंबर का नाही म्हणत? त्यावर तिनं माझ्याकडे असं पाहिलं की मी खुर्चीकडे परतले.

शिरीषनं तिला बजावलं, "ताई, एकच गोष्ट. चेंडू सोडायचा नाही. मोबाइलवर बघणाऱ्याला बाकी कशात रस नसतो."

पण मैदानावर दुसरेही एक मालक होते. स्पर्धा समितीचे कार्यवाह, खिशात चिठ्ठ्यांचा गठ्ठा. आमच्याकडेही पाहुण्यांचं स्वागत होतं, पण सामन्याआधी नाहीतर नंतर. इथली रीत निराळी. पाहुणा केव्हाही येतो, खेळ चालू असला तरी येतो, आणि कर्ण्यावरून नाव पुकारल्याशिवाय तो फाटकाच्या आत पाऊल टाकत नाही. तसाच जाऊन खुर्चीवर बसला तर त्याला बोलावलंच नव्हतं असा अर्थ होतो म्हणे. म्हणून पाहुणा फाटकात खोळंबतो, कार्यवाह चिठ्ठी आणून देतात, समालोचक वाचतो, हलगी वाजते आणि मगच पाहुणा आत येतो. कुस्तीच्या मैदानात हे चालून जातं, पैलवान एकमेकांना धरून तसेच थांबतात. हॉकीचा चेंडू कुणासाठी थांबत नाही.

पहिला अर्धा वेळ मंगलनं दोन्ही डगरींवर पाय ठेवून निभावला. चेंडू मैदानाबाहेर गेला की ती झटकन एक चिठ्ठी वाचायची. तिची भाषाही मजेची. चेंडू मैदानाच्या मध्यावर असेपर्यंत पुस्तकी, "सुंदर पास, अप्रतिम नियंत्रण." गोलसमोरच्या अर्धगोलात शिरला की सगळं पुस्तक गळून पडायचं आणि "हान की गं!" सुरू. सामना बरोबरीत होता. शेवटच्या काही मिनिटांत कार्यवाह लगबगीनं आले आणि चिठ्ठीवर बोट आपटत म्हणाले, "आत्ताच्या आत्ता. लय मोटं पावनं हायत." चेंडू मध्यावर होता. मंगलनं चिठ्ठी उचलली. "आत्ताच आपल्या मैदानावर आगमन होत आहे..." पाहुण्यांच्या नावाआधी चार पदव्या होत्या. तिसऱ्या पदवीला मैदानात एकदम ओरडा झाला.

गोल झाला होता. मंगलनं मान वर केली तेव्हा मुलींचा घोळका एकमेकींच्या गळ्यात होता आणि गोल कुणी केला ते तिनं पाहिलंच नव्हतं. गर्दी कर्ण्याकडे बघत होती. ती क्षणभर अडखळली आणि म्हणाली, "तरडगावचा गोल!"

मैदानाभोवती बांधलेल्या बांबूच्या पलीकडून एक माणूस हात वर करून ओरडला, "आवं ताई, माजी पोरगी हाय ती! आदर्की! आदर्कीचा गोल हाय!" तो हसत नव्हता, रागावलेलाही नव्हता. तो नुसता परत परत "आदर्की" म्हणत होता. मंगलनं लगेच चूक सुधारली, माफी मागितली, तीन वेळा आदर्कीचं नाव घेतलं. पण गोलाचा क्षण उलटून गेला होता आणि त्या बापाच्या तोंडावरून तो गेल्याचं मला स्पष्ट दिसलं.

फलटणचा संघ जिंकून फायनलला गेला. शिरीष वायरी गुंडाळत म्हणाला, "ताई, आवाज तुमचाच पाहिजे मला. पण सांगलीत असं झालं तर मी पुण्याचा माणूस घेणार. माझा नाइलाज आहे." मंगल व्हय म्हणाली. घरी जाताना तिनं ट्रॅक्टरची कॉमेंट्री केली नाही.

सांगली

सांगलीत उतरल्यावर आधी नाकाला कळतं. बाजाराच्या बाजूनं हळदीचा वास येतो, कोरडा आणि किंचित कडवट, आणि गुऱ्हाळांवरून गेलात की त्यात गोड धूर मिसळतो. मी कृष्णेच्या घाटावर बसून भडंग खाल्लं. आमच्या चिवड्याला ते भाऊ शोभेल, फक्त लसणानं जास्त बिघडलेला. शेजारच्या बाकावरचे एक आजोबा मला "कुठल्या गावच्या, बाई?" असं विचारून गेले. या भागात नाव नंतर विचारतात. नागपुरात आम्ही आधी "काय करता?" विचारतो.

मंगल घाटावर आली पण भडंगाला शिवली नाही. तिला सकाळीच समितीनं बोलावून घेतलं होतं. फायनलचे प्रमुख पाहुणे आदगोंडा अण्णा, हळदीचे मोठे अडते. स्पर्धेचा मंडप, ढाली, मुलींचं जेवण, सगळं त्यांच्याकडून. सांगलीच्या कार्यवाहांनी तिला सांगितलं होतं, "अण्णा कवा येतील सांगता येत न्हाई, बाजार उरकून येत्यात. आले की थांबायचं. खेळ काय, हुतोय हुईल."

"मग तू काय करणार?" मी विचारलं.

"काय म्हायती," ती म्हणाली. पाहुण्याला फाटकात ताटकळत ठेवणं मलाही बरं वाटत नव्हतं.

दुपारी सामना सुरू झाला. फलटण विरुद्ध सांगली. मंगल फलटणकडची, म्हणून सांगलीचं पब्लिक आधी जरा तिरकं ऐकत होतं. पण तिनं सावळज, भिलवडी, आष्टा, अंकलखोप अशी नावं घ्यायला सुरुवात केली आणि प्रत्येक नावाला गर्दीतला एकेक कोपरा उठून उभा राहायला लागला. कुणी चुकली की ती चिडवायची, "आष्टा, झोप झाली न्हाई व्हय?" आणि आष्ट्याची माणसंच सगळ्यात जास्त हसायची. शेजारी बसलेले बापू मला म्हणाले, "बाई चांगली बोलती." हे बापू बैलगाडा शर्यतींचे निवेदक, पिळदार मिशा, भगवा फेटा. समितीनं त्यांना बक्षीस समारंभासाठी बोलावलं होतं.

सामना बरोबरीत सुटला. आता शूटआउट. प्रत्येक संघाची एकेक मुलगी एकटीनं चेंडू घेऊन निघते, समोर फक्त गोलकीपर, आणि आठ सेकंदांत गोल करायचा. पाच-पाच मुली. दोन्हीकडचे तीन तीन प्रयत्न झाले, तेही बरोबरीतच. चौथ्या प्रयत्नासाठी गिरवीची पोर चेंडू ठेवत होती तेव्हा फाटकात पांढरी गाडी थांबली. पांढरं धोतर, पांढरी टोपी, अण्णा उतरले. हलगीवाल्यानं काठी उचलली. कार्यवाह चिठ्ठी घेऊन धावत आले.

मंगलनं चिठ्ठी पाहिली. फाटकाकडे पाहिलं. मग चिठ्ठी पाण्याच्या बाटलीखाली सरकवली आणि म्हणाली, "गिरवी निघाली!"

कार्यवाहांनी चिठ्ठी बाटलीखालून काढून पुन्हा तिच्यापुढे धरली. ती माइक घेऊन उभी राहिली आणि लंगडत दोन पावलं बाजूला गेली. "गिरवी डावीकडं, गोलकीपर भिलवडी म्होरं आली, वळ गं, वळली, मारला, भिलवडीनं पायानं काडला!" कार्यवाह माइकला हात घालत होते आणि ती वळून पाठ करत होती. फाटकात अण्णा तसेच उभे. आत येता येईना, परत जाता येईना. हलगीवाल्याची काठी हवेतच. गोलाचं मला काहीच पडलं नव्हतं, माझं सगळं लक्ष त्या माइकवर होतं.

पुढचे दोन प्रयत्नही हुकले, बरोबरी कायम. शेवटचा प्रयत्न सांगलीच्या अंकलखोपचा. मंगलचा आवाज आता फाटला होता. "अंकलखोप एकटी हाय, सगळं गाव मागं उभं हाय, उजवीकडं, मागं वळली, गोल! अंकलखोपचा गोल! सांगली जिंकली! आणि फलटणच्या पोरींनो, रडू नका गं, लय चांगल्या खेळलाय." मग दम घेऊन ती फाटकाकडे वळली. "अण्णा, तुमास्नी उभं ठेवलं, माफी असावी. आदगोंडा अण्णांचं आगमन होत आहे." हलगी वाजली.

अण्णा आले, पण कार्यवाह लालबुंद. त्यांनी मंगलच्या हातातून माइक काढून घेतला आणि बापूंकडे दिला. "तुजं काम झालं, जा आता." ती माझ्या खुर्चीपाशी येऊन उभी राहिली. मी तिला पाणी दिलं.

बापूंनी अण्णांना फेटा बांधवला, चार छान वाक्यं म्हटली आणि उपविजेत्या संघाला बोलावलं. पंचांच्या कागदावर नुसते नंबर होते. "नंबर एक!" बापू म्हणाले. फलटणच्या मुली ओळीत उभ्या होत्या. कुणी हललं नाही. "नंबर एक, यावं!" एक नंबरवाली जमिनीकडे बघत होती. बापूंनी दोन नंबर पुकारला. ती पण हलली नाही. कार्यवाह चिडून पुढे झाले, तेव्हा फलटणची कप्तान, तीच ती आदर्कीची मुलगी, हळूच म्हणाली, "आमाला नंबर न्हाई, नाव हाय. ताईस्नी म्हायती हाय."

कार्यवाह तिच्यावर खेकसणार एवढ्यात अण्णा बोलले. "बाईंना बोलवा." आणि मंगल जवळ आल्यावर ते तिच्याकडे न बघताच म्हणाले, "इतकी वर्सं पावना म्हणून येतोय मी. आलो की खेळच थांबतो. गोल कसा हुतो ते आज फाटकातनं बघितलं." मग म्हणाले, "पर उभं र्‍हाऊन पाय लय दुखलं बगा माजं." तक्रार खरी होती, त्यांनी गुडघा चोळलाही.

मंगलनं माइक घेतला. आवाज बसलेला, पण एकेक नाव, एकेक गाव, आधी फलटणच्या मुली, मग सांगलीच्या. एकही चुकलं नाही. प्रत्येक मुलगी आपलं गाव ऐकूनच पाऊल उचलत होती. कॅमेऱ्याच्या ट्रॉलीखाली बसलेल्या शिरीषनं कानावरचे हेडफोन काढले. सामना संपल्यावर प्रक्षेपण थांबवायचं असतं, ते त्यानं थांबवलं नव्हतं. तो मला म्हणाला, "त्यांना सांगा, वर्षभराचं काम त्यांचंच. मी पुण्याला कळवतोय." मी धडपडत उठले. ही बातमी मलाच सगळ्यात आधी तिला सांगायची होती.

पण बापूंनी माझ्या आधी मंच गाठला. त्यांनी मंगलच्या हातातून माइक घेतला, या वेळी अगदी हळू. मंचावर एक ढाल उरली होती. "आता शेवटचं नाव," ते गरजले आणि मग माइकवर हात ठेवून तिच्याकडे झुकले. मी मंचाच्या पायरीवर होते, मला ऐकू आलं. "गाव कंचं सांगू, मंगल? म्हायेरचं का सासरचं?"

दिवसभर जिची जीभ चेंडूच्या पुढे धावत होती, ती बाई पदराचं टोक बोटाला गुंडाळत राहिली. मग म्हणाली, "सासर माज्या नवऱ्याचं, बापू. नि म्हायेरला गावच न्हवतं. बा मेंढरं घिऊन कोकणात चालला व्हता, तवा वाटंत झाले मी. शाळंत मास्तर गाव इचारायचं, तवा मी गप बसायची."

बापूंनी मिशीवरून हात फिरवला. मग त्यांनी माइकवरचा हात काढला आणि मुलींच्या ओळींकडे बघून म्हणाले, "पोरींनो, ही तुमची मंगलताई. तुमीच सांगा, हिचं गाव कंचं?"

"आदर्की!" कप्तान ओरडली. तिचं तोंड मिटायच्या आत "गिरवी!" आलं, मग "भिलवडी!", "अंकलखोप!", "आष्टा!" आणि मग सगळ्याच, जिंकलेल्या आणि हरलेल्या, आपापल्या गावाचं नाव घेऊन एकदम ओरडायला लागल्या. बांबूपलीकडची माणसंही त्यात मिसळली. त्या गलक्यात एकही गाव नीट ऐकू येत नव्हतं. मंगल ढाल छातीशी धरून उभी होती, आणि एकेका तोंडाकडे बघत कुठलं गाव कोण म्हणतंय ते ओळखायला बघत होती.